मढ्याची होडी

मी एक जुनी पत्र्याची होडी आहे. पौडच्या एका वेल्डिंगच्या दुकानात माझा जन्म झाला आणि जन्मताच मला डांबर फासण्यात आले. तुमच्याकडे बाळाला काजळाची तीट लावतात, आमच्याकडे सगळे अंगच काळे करतात. माझ्या मालकाने, बहिरूने, त्यावर निळा रंग दिला आणि टेम्पोत घालून मला मुळशी धरणावर आणले. मित्रांनो, समुद्र मी कधी पाहिला नाही. धरणाचे पाणी मात्र मला इंच न् इंच ठाऊक आहे.

बहिरू संध्याकाळी जाळे सोडायचा आणि उजाडताना उचलायचा. रोहू, कटला, नशीब असेल तर एखादी मरळ. त्याची बायको रत्नाबाई पाटी घेऊन रस्त्याच्या कडेला बसायची आणि पुण्याहून आलेल्या गाड्या करकचून ब्रेक लावून थांबायच्या. "निळ्या होडीचा मासा आहे ना?" असे लोक विचारायचे. ते ऐकून मी फार फुगायचे. गर्व वाईट म्हणतात, पण त्या दिवसांत मी तो मनसोक्त केला.

धरण मासे देते, तसे माणसेही घेते. दर पावसाळ्यात शहरातले कोणी ना कोणी हौसेने पाण्यात उतरते आणि मग मासेमाऱ्यांना हाका येतात. अशा वेळचा एक नियम होता. म्हाताऱ्या भिकाजीने तो बहिरूला पहिल्याच वर्षी सांगितला होता. मढे होडीत घ्यायचे नाही. दोर बांधायचा आणि मागून ओढत काठाला आणायचे. ज्या होडीत मढे, त्या होडीतला मासा कोण खाणार?

बावधनची अपूर्वा नावाची कॉलेजातली मुलगी बुडाली, तेव्हा बचाव पथकाची माणसे रबरी बोटीतून दोन दिवस शोधत राहिली. तिसऱ्या दिवशी सकाळी ती बहिरूला सापडली, बुडालेल्या झाडांच्या शेंड्यांपाशी. भिकाजी बरोबर होताच. त्याने दोर पुढे केला.

"बांध. वढत नेऊ."

बहिरूने काठाकडे पाहिले. मुलीची आई, कल्पनाबाई, गुडघाभर पाण्यात उभी होती आणि दोन बायका तिला मागे ओढत होत्या.

"तात्या, आई बगतीया तितं. तिच्या म्होरं पोरीला लाकडागत वढू व्हय?"

"येडा हायेस का? ह्यात मासं भरतोस तू!"

बहिरूने ऐकले नाही. त्याने मुलीला उचलून माझ्यात निजवले आणि खांद्यावरचा टॉवेल तिच्या तोंडावर घातला. मित्रांनो, त्या दिवशी मी जराही डुलले नाही. एवढी सांभाळून मी कधीच चालले नव्हते.

काठावर एकाने मोबाइलवर सगळे टिपले. संध्याकाळपर्यंत ते घरोघर पोचले आणि मुलीच्या शेजारी माझा निळा रंग लख्ख दिसत होता.

दुसऱ्या दिवशी गाडीतल्या एका बाईने काच खाली करून विचारले, "त्याच होडीतले का?"

"ताई, तीनदा धुतलीया होडी," रत्नाबाई म्हणाली.

"नको गं बाई," म्हणून काच वर गेली.

गावातल्यांनी तर काचही ठेवली नाही. ते मला तोंडावर मढ्याची होडी म्हणू लागले. भिकाजी ट्रकच्या ट्यूबवर बसून मासे धरायचा. तो रत्नाबाईच्या शेजारी पाटी मांडून गिऱ्हाइकांना सांगायचा, "आमचा मासा ट्यूबवरचा हाय. होडीतला न्हाई." मढे आणायला गेलो तेव्हा हा माझ्यातच बसला होता, पण ते तो सांगत नसे.

बहिरूने मला साबणाने घासले, हळदीच्या पाण्याने धुतले, निळ्याची हिरवी केली. पाटीतला मासा तसाच घरी परत यायचा आणि कुजायचा. एका संध्याकाळी रत्नाबाई म्हणाली, "आवं, इका तिला. तिच्यापायी आपन उपाशी मरू." मला तिचा राग आला नाही असे म्हणेन, तर ते खोटे होईल. आला.

काठावर जनार्दनरावांचे फार्महाऊस आहे. त्यांनी मला हिरवळीवर ठेवायला घेतले. माझ्यात माती भरून झेंडू लावायचा होता. पण पाणी साचले तर झाडे कुजतील, म्हणून त्यांनी बहिरूच्या हातात ड्रिल मशीन दिले.

"शेट, दुसऱ्या कुनाला तरी सांगा की."

"अरे, तुझीच होडी. पत्रा कुठे पातळ आहे ते तुलाच माहीत."

बहिरूने माझ्या बुडाला भोके पाडली. प्रत्येक भोकानंतर तो लोखंडाचा चुरा तळव्याने पुसत होता. मग तो मागे न पाहता निघून गेला.

त्यानेही एक ट्यूब आणली. पहिल्याच दिवशी त्याचे सगळे मासे खपले.

भाद्रपदातल्या एका दुपारी घाटाकडून वारे सुटले. जाळे फाटेल म्हणून बहिरू ते गोळा करायला गेला आणि ट्यूब उलटली. पाय जाळ्यात अडकला असावा, कारण तो पट्टीचा पोहणारा होता. मी हिरवळीवरून पाहत होते. त्याचा हात वर आला, गेला, पुन्हा वर आला.

रत्नाबाई फाटकातून धावत आली. "शेट, होडी द्या! काठाला दुसरी होडी न्हाई. मालक बुडत्यात आमचं!"

खरे ते सांगते, जनार्दनराव अनवाणी धावले. त्यांनी स्वतःच्या हातांनी झेंडू उपटला आणि माती उपसून फेकली. रत्नाबाईच्या मागोमाग आलेल्या भिकाजीने आपला टॉवेल फाडला आणि सापडतील त्या भोकांत बोळे कोंबले. सगळ्यांनी मला पाण्यात लोटले. भिकाजी वल्हे मारत होता आणि ज्या तोंडाने मला मढ्याची म्हणायचा, त्याच तोंडाने म्हणत होता, "चल गं बाई. थोडं ऱ्हायलंय. चल."

पण बोळे सुटले. पाणी आधी भिकाजीच्या घोट्याला लागले, मग गुडघ्याला. बहिरूचा हात मला दिसत होता. मी त्याच्यापर्यंत पोचले नाही. मी बुडाले, आणि भिकाजी कसाबसा पोहत काठाला लागला.

बहिरू दुसऱ्या दिवशी सापडला. रबरी बोट आली तोवर भिकाजीने ट्यूबवर जाऊन दोर बांधला होता. त्याला ओढतच आणले. रत्नाबाई काठावर उभी राहून शेवटपर्यंत पाहत होती. तिचे तोंड फिरवावे एवढेही कोणाला सुचले नाही.

धरणाचे पाणी उतरल्यावर मला बाहेर काढून पुन्हा हिरवळीवर ठेवले आहे. नवी माती, नवी झाडे. पाहुणे माझ्या काठावर बसून फोटो काढतात आणि मला गोड म्हणतात.

मित्रांनो, मला रंग नको, फुले नकोत, शाबासकी तर नकोच. कोणीतरी एक वेल्डिंगवाला आणा आणि माझी भोके बुजवा. सुट्टी लागली की गाड्या येतील, तुमच्यातलाच कोणी हसत हसत पाण्यात उतरेल आणि काठावरची माणसे "होडी, होडी" म्हणून ओरडतील. ते ओरडणे मला सगळे ऐकू येते. मला निघता मात्र येत नाही.