धुऱ्यावरून मोजलेले तुडतुडे

"फवारू का नको, एवढंच सांग पोरी. तुझं गणित मले समजत नाही."

पाठीवर भरलेला पंप घेऊन परसराम धुऱ्यावर, शेताच्या बांधावर, उभा होता. त्याच्या बांधीच्या, म्हणजे भातखाचराच्या, मधोमध खळ्याएवढ्या जागेतला धान करपला होता. मागे आंधळगावचे आणखी आठ शेतकरी. रक्षाच्या शब्दावर या नऊ जणांनी तीन आठवडे औषधाला हात लावला नव्हता.

रक्षा गणितातली डॉक्टर, पण तिचं गणित जिवांचं. बांधीत कोळी किती, धानाचा रस शोषणारे तुडतुडे किती, कोण कोणाला किती खातो, यावरून पंधरा दिवसांनी काय होईल ते ती समीकरणांतून काढायची. बावीस वर्षं पुण्यात तिने हेच केलं. गावी आली की बाया विचारायच्या, "डॉक्टर हायेस तं सुई काहून देत नाहीस?" अवेळी फवारलं तर कोळी मरतात आणि तुडतुडे माजतात, हे तिने कागदावर कितीदा तरी मांडलं होतं. दुसऱ्याच्या उभ्या पिकावर मात्र यंदा पहिल्यांदाच.

आकडे पाठवायचे तिचे वडील, श्यामराव. रोज सकाळी प्रत्येकाच्या बांधीतले वीस चूड, म्हणजे धानाचे ठोंब, हलवून ते पाण्यावर पडलेले तुडतुडे मोजत आणि तिला पुण्याला फोन करत. "चुडामागे चार," असं खणखणीत सांगत. लेकीच्या कामातलं त्यांना कळलेलं हे पहिलंच काम. आणि चार म्हणजे धोका नाही.

"थांबा काकाजी," म्हणत रक्षा चिखलात उतरली. करपलेल्या जागेच्या कडेला तिने एक हिरवा चूड हलवला. पाण्यावर तुडतुड्यांचा तपकिरी थर पडला. मोजणं शक्यच नव्हतं.

ती तशीच धुऱ्यावर काठी टेकून उभ्या असलेल्या वडिलांजवळ आली. हळूच म्हणाली, "बाबा, तुम्ही कुठं मोजत होते?"

श्यामराव काठीकडे पाहत राहिले. "धुऱ्याजवळ. आत गुडघा साथ देत नाही."

"मले काहून नाही सांगितलं?"

"सांगतलं असतं तं तू दुसऱ्याले या कामावर लावलं असतं."

धुऱ्याच्या गवतात कोळी असतात, म्हणून कडेला तुडतुडे कमी. हे तिला पाठ होतं. पण वडील कुठे उभं राहून मोजतात, हे तिने एकदाही विचारलं नव्हतं.

"काय ठरलं?" त्या आठांतला डोमा ओरडला. "का बापलेकीचं घरचंच चालू हाय?"

रक्षा वळली. "चूक माझी झाली. कुठून मोजायचं ते मी ठरवून दिलं नाही. परसराम काकाजी, तुम्ही आत्ताच फवारा, बुंध्यावर. बाकीच्यांच्या बांधीत मी मधात जाऊन मोजतो. दहाच्या वर निघाले तिथंच फवारायचं."

"पुन्हा मोजणंच?" डोमा हसला, पण त्याचे डोळे हसत नव्हते. "तुझं ऐकूनच तं हे दिवस आले बाई."

"मोजू दे, डोमा," परसराम पंपाचा दांडा हाणत म्हणाला. "माझं गेलं ते गेलं. तुझं तं वाचल."

दिवस कलायला दोन तास होते. रक्षा एकेका बांधीत उतरत गेली. दोन ठिकाणी फवारायला सांगितलं, पाच वाचल्या. कोणी आभार मानले नाहीत, कोणी शिवीही दिली नाही.

शेवटची बांधी डोमाची. ती आत शिरली तेव्हा मागे पाणी डुबुक्‌ वाजलं. श्यामरावांनी वहाणा धुऱ्यावर काढल्या होत्या आणि काठी रोवत ते चिखलातून येत होते.

"बाबा, राहू द्या ना."

"तू लिही."

ते मधोमध पोचले. एक पाय ताठ ठेवून कसेबसे वाकले, चूड हलवला आणि बराच वेळ पाण्यावर बोट फिरवत राहिले. डोमा धुऱ्यावरून पाहत होता.

"सात," श्यामराव म्हणाले.

रक्षाने सात लिहिले. मग वही काखेत धरली, खाली वाकली आणि त्याच चुडाचे तुडतुडे पुन्हा मोजू लागली.

श्यामराव काठीवर भार देऊन दुसरीकडे पाहत उभे राहिले.