एका मिनिटाचे अध्यक्ष

बाबा अपील मागे घेणार, हे मला कोर्टाच्या जिन्यात कळलं.

"म्हणजे आपण हरलो?"

"तू गप चल."

मलाच नीट कळलेलं नाही, तरी सांगतो. बाबा आणि मोठे काका सख्खे भाऊ. दोघांनी मिळून शाळा काढली. मग संस्थेच्या निवडणुकीत बिनसलं आणि दोघंही म्हणायला लागले, अध्यक्ष मीच. खालचं कोर्ट म्हणालं, काका. बाबा वरच्या कोर्टात गेले. तेव्हापासून शाळेत मुख्याध्यापक दोन, एक यांचे, एक त्यांचे. घंटासुद्धा दोन.

गेल्या आठवड्यात एक घंटा झाली मधल्या सुट्टीची. लगेच दुसरी झाली, वर्ग भरल्याची. पहिलीतली पोरं डबे उघडे धरून दारातच उभी. आत जायचं की बाहेर? एक पोरगी भोकाड पसरून रडायला लागली. बाबा तिथेच होते. घरी आले, चहाला हात लावला नाही, वकिलांना फोन लावला.

तर कोर्टात आमचे वकील उभे राहिले. आम्ही त्यांना घरात गोगलगाय म्हणतो. "अपील मागे घ्यायची परवानगी द्यावी."

मला वाटलं, संपलं.

काकांचे वकील ताडकन उठले. "हरकत आहे!"

न्यायाधीश बाईंनी चष्मा काढला. "अहो, तुम्ही जिंकताय ना?"

"हो, पण अपिलावर यांची सही अध्यक्ष म्हणून आहे. हे अध्यक्ष नाहीतच, असं आमचं म्हणणं. मग हे मागे कसं घेणार? आम्ही गप्प बसलो तर यांना अध्यक्ष मानल्यासारखं होईल."

माझं डोकंच फिरलं. म्हणजे हरायलाही आधी अध्यक्ष असावं लागतं?

बाबा कुणी न विचारता उठले. "बाई, हे मला भांडू देत नाहीत, आता हरूही देत नाहीत. मी करू तरी काय?"

मागे कोणीतरी फिस्सकन हसलं.

"यावर वाद ऐकावा लागेल," बाई म्हणाल्या. "सुट्टीनंतरची तारीख देते."

"म्हणजे तोवर दोन घंटा," बाबा खाली बसत पुटपुटले.

ते काकांना ऐकू गेलं असावं. कारण काका उठले. वकिलांनी त्यांची बाही ओढली, काकांनी सोडवून घेतली.

"बाई, आजच्यापुरता तोच अध्यक्ष. घेऊ द्या त्याला मागे."

"तसं लिहून घेऊ?"

वकील कपाळाला हात लावून बसले होते.

"घ्या लिहून," काका म्हणाले.

एवढी वर्षं बाबा हेच ऐकायला झगडत होते. मिळालं, आणि बाईंनी 'अपील मागे घेतलं' हे पुढचं वाक्य लिहायला सांगितलं तसं गेलंही. लगेच दुसऱ्याच कुणाचा तरी पुकारा झाला. आम्ही बाहेर.

व्हरांड्यात दोघं भाऊ शेजारी उभे, बघतायत मात्र समोरच्या भिंतीकडे.

"तुझी घंटा काढून ने," काका म्हणाले. "एवढी उंच टांगलीस, कुणाचा हात पोचत नाही."

"शिडी लागेल, दादा."

"शिडीच्या खोलीला तुझं कुलूप आहे."

"त्याच्यावर तुझं आहे."



"म्हणजे दोघांनाही यावं लागणार," काका म्हणाले. "सकाळी ये. पोरं यायच्या आत."

ते गेल्यावर मी परत विचारलं, "बाबा, आपण हरलो ना?"

बाबा खिसे चाचपत होते. "थांब रे, आधी किल्ली सापडू दे."