पांढऱ्या पट्ट्या

"सर, दुसऱ्या रंगाचं काही आणलं नाही का?" थाओनं इंग्रजीत विचारलं आणि लगेच नजर दुसरीकडे वळवली.

थाओ ही आमची त्या दिवसाची गाइड. पंचविशीतली, चुणचुणीत, आणि इतकी सभ्य की अडचणीचं काही सांगायची वेळ आली की नुसती हसायची. निन बिन्हमधल्या हॉटेलच्या दारात आम्ही नवराबायको नखशिखांत पांढरे होऊन उभे होतो. ह्यांचा पांढरा शर्ट, पांढरी पँट. माझी पांढरी साडी. त्या दिवशी बुद्धपौर्णिमा होती. कार्डिफला दरवर्षी आम्ही सगळे कम्युनिटी हॉलमध्ये असेच पांढऱ्या कपड्यांत जमतो. व्हिएतनामला निघताना बॅगेत सगळ्यात आधी तेच कपडे गेले होते.

"आज पॅगोडात जायचंय ना," हे म्हणाले. "पांढरंच बरं."

ऊन सकाळी आठलाच चटके देत होतं आणि ह्यांची टोपी विमानात राहिली होती. मी दोन मोठे पांढरे रुमाल ओले केले, घडी घालून त्यांच्या रुंद पट्ट्या केल्या आणि आधी ह्यांच्या, मग माझ्या कपाळावरून बांधल्या. एकतीस वर्षं सर्जिकल वॉर्डात बँडेज बांधलेला हात माझा, पट्टी सुटायचा प्रश्नच नव्हता. थाओ आमच्याकडे बघत राहिली. ती काहीतरी बोलणार होती, पण पुन्हा हसली आणि गाडीचं दार उघडलं.

मला तिला खोदून विचारायला हवं होतं. पण माझं डोकंच ठिकाणावर नव्हतं. तासाभरापूर्वी हे अंघोळीला गेले असताना टेबलावर ह्यांचा फोन उघडाच पडला होता आणि मी त्यातला हॉस्पिटलचा मेसेज वाचला होता. ह्यांच्या पोटातली मोठी रक्तवाहिनी फुगलेली आहे. पासष्टाव्या वर्षी इंग्लंड-वेल्समध्ये सगळ्या पुरुषांची तपासणी करतात, त्यात ते सापडलं. दर तीन महिन्यांनी स्कॅन. साडेपाच सेंटिमीटर झाली की ऑपरेशन. एप्रिलच्या स्कॅनहून आल्यावर ह्यांनी जाकीट खुंटीला लावता लावता सांगितलं होतं, "जैसे थे." मेसेज सांगत होता की मिस्टर सुखदेव खरात यांनी ऑपरेशनच्या तारखेबद्दल अजून कळवलेलं नाही आणि आता उशीर करू नये.

म्हणजे हे माझ्याशी खोटं बोलले होते. एकेचाळीस वर्षांत मला माहीत असलेलं हे पहिलं खोटं.

आणि मग मला त्या सहलीचाही उलगडा झाला. जाहिरातीत लिहिलं होतं, 'अगदी संथ गतीची, चढ-उतार नाही, घाई नाही'. हा माणूस सत्तावीस वर्षं कार्डिफमध्ये बस चालवत होता. दोन मिनिटं उशीर झाला तर घरी येऊन जेवायचा नाही. सुपरमार्केटमध्येसुद्धा ट्रॉली घेऊन माझ्या दहा पावलं पुढे. त्यानं स्वतः शोधून संथ सहल बुक करावी? मला वाटलं होतं वयानं शहाणपण आलं. कसलं शहाणपण, भीती होती ती.

भाताची शेतं पिवळी पडायला आली होती. आम्ही बांधावरून चालत होतो आणि मी ह्यांच्या मागे राहून ह्यांची पाठ बघत होते. शेतांच्या मधोमध चुन्यानं रंगवलेल्या कबरी होत्या, एकेक, दोन-दोन, जणू कोणी पीक राखायला बसलंय. थाओनं सांगितलं, माणूस आपल्याच शेतात राहतो, घरच्यांच्या नजरेसमोर.

"बेस्ट," हे म्हणाले. "नाहीतर आपल्याकडे. अर्ध्या तासाचा स्लॉट, आणि बाहेर पुढची पार्टी उभी."

ह्यांना ते चांगलं ठाऊक. साउथ वेल्समधल्या आमच्या लोकांत कोणी गेलं की फोन ह्यांनाच येतो. बसचा युनिफॉर्म उतरवायचा, पांढरे कपडे चढवायचे आणि क्रिमेटोरियममध्ये त्रिशरण-पंचशील म्हणायचं. खणखणीत आवाज आणि घड्याळावर एक डोळा. दोन वर्षांपूर्वी ह्यांचा जिवलग मित्र पुरुषोत्तम असल्याच एका ऑपरेशनला हसत गेला आणि परत आलाच नाही. त्याचंही ह्यांनीच केलं. त्या दिवशी मात्र घड्याळ बघायला विसरले.

वाटेत एक बाई टोपलीत बदकाची अंडी घेऊन बसली होती. आम्हाला बघताच उठली, टोपली बाजूला ओढली आणि मान झुकवून आम्हाला वाट करून दिली. पुढे दोन सायकलवाले उतरून थांबले. मला वाटलं, केवढी माणुसकी. पण कोणी हसेना. थाओ भराभर पुढे चालायला लागली.

जेवायला एका घराच्या ओसरीवर बसलो तेव्हा वॉटफर्डहून आमच्या लेकीचा, धम्मशीलाचा व्हिडिओ कॉल आला. ट्रेन पकडायच्या आधी ती नेहमी करते.

"आई, हे काय घातलंय डोक्यावर? यू लुक लाइक निंजाज. बाबा कुठे आहे? बाबाची तब्येत ओके आहे ना?"

"आहेत की. जेवतायत."

"बाबा, तू पाणी पितो ना नीट? आणि ते टूर खरंच स्लो आहे ना?"

"अगं, इतकी स्लो आहे की म्हशी आम्हाला ओव्हरटेक करतात," हे म्हणाले. ती हसली आणि फोन ठेवला. हेही हसले आणि हसता हसता ह्यांचा डावा हात मागे कमरेवर गेला.

माझा घास तोंडातच राहिला. "काय झालं?"

"काही नाही गं. विमानाच्या सीटनं कंबर धरलीय."

"कधीपासून?"

"कालपासून. जेव ना तू."

कंबर कोणाचीही धरते. पण ज्याच्या पोटात ती रक्तवाहिनी फुगलेली आहे, त्याची कंबर धरली की ती फुटायला आली समजून वॉर्डात आम्ही पळत सुटायचो. मी ह्यांच्या कपाळाला हात लावला, पट्टी सारखी करायच्या निमित्तानं. घाम होता, पण गरम होता. नाडी बघितली. ब्याऐंशी. मी उठून थाओला गाठलं आणि मोठं हॉस्पिटल किती लांब आहे ते विचारलं.

"मोठं म्हणजे हनोई. दोन तास," ती म्हणाली. "पण आधी बोट आहे, दीड तासाची. गाडी बोटीच्या पलीकडच्या टोकाला गेली."

"बोट सोडून चालत नाही जाता येणार?"

"नाही मॅडम. मध्ये डोंगर आहेत."

त्या बोटीत मी कशी जीव मुठीत धरून बसले ते माझं मला माहीत. एक वयस्क बाई मागे रेलून पायांनी वल्ही मारत होती, आरामात. पाणी हिरवं, स्तब्ध. दोन्ही बाजूंना काळे कडे. सहल संथ म्हणजे किती संथ, काठावरची बदकं आमच्या पुढे निघून गेली. मी ह्यांच्या ओठांचा रंग बघत होते, बोटांची नखं बघत होते, आणि मनातल्या मनात त्या बाईच्या पायांना हात जोडत होते, की बाई, जरा जोर लाव. पुढे एक गुहा आली. छत इतकं खाली की सगळ्यांना वाकावं लागलं. आत मिट्ट काळोख. वाकल्यावर ह्यांच्या तोंडून "हं" असा बारीक आवाज आला. मी अंधारात ह्यांचं मनगट धरून ठेवलं आणि उजेड येईपर्यंत ठोके मोजले.

बाहेर आल्यावर वल्हेवालीनं थाओला काहीतरी विचारलं. थाओनं मान हलवली. तिनं पुन्हा विचारलं, आमच्या कपाळांकडे बोट दाखवून.

"काय म्हणतेय?" मी विचारलं.

थाओचा चेहरा लाल झाला. "सॉरी मॅडम. मी सकाळीच सांगायला हवं होतं. आमच्याकडे पांढरे कपडे घालून कपाळाला पांढरी पट्टी बांधतात, ती घरात कोणी गेलं की. ती विचारतेय, तुमचं कोण गेलं?"

मी झटकन हात वर नेला. एवढी सुबक पट्टी बांधली होती मी, स्वतःच्या हातानं, जिवंत नवऱ्याच्या कपाळाला. ह्यांनी माझा हात धरून खाली घेतला.

"राहू दे. ऊन आहे," हे म्हणाले, आणि थाओकडे वळले. "तिला सांग, अजून कोणी नाही."

त्या 'अजून'नं माझा धीर सुटला.

"मी मेसेज वाचला," मी मराठीत म्हणाले.

"माहितेय. म्हणून तर फोन टेबलावर ठेवला."

"तोंडानं सांगता येत नव्हतं?"

"नाही आलं. तीनदा ट्राय केलं. एकदा तर किचनपर्यंत आलो होतो. तू पोळ्या करत होतीस."

"किती आहे साइज?"

"फाइव्ह पॉइंट नाइन."

मला त्यांच्या थोबाडीत मारावीशी वाटली आणि त्यांना पदरात झाकून घ्यावंसंही वाटलं. "अहो, आणि एवढी घेऊन तुम्ही मला बदकं दाखवायला आणलंत?"

"तू नाइट्स केल्यास, मी अर्ली शिफ्ट. मी निघायचो तेव्हा तू यायचीस. एक आख्खा दिवस सावकाश पाहिजे होता मला. बाकी काही नाही." मग म्हणाले, "आणि मी घाबरलोय, लता. पुरुषोत्तम हसत गेला होता."

हे वाक्य मी एकेचाळीस वर्षांत ऐकलं नव्हतं. वल्ही पाण्यात पडत होती, उठत होती.

"तारीख घ्या," मी म्हणाले. "आज."

"घेतो. पण एक सांग. माझ्या वेळी त्रिशरण-पंचशील कोण म्हणणार? तिकडं दुसऱ्या कोणाला सगळं येत नाही. टेप लावणार का माझ्यासाठी?"

"असलं काही बोलू नका."

"तुला येतं. तीस वर्षं शेजारी उभी राहून नुसती पुटपुटतेस. एकदा मोठ्यानं म्हण. मला ऐकू दे. मग करतो फोन."

असला सौदा कोणी करतं का? पण मी हा माणूस ओळखून आहे. त्याला सगळं नीट लागलेलं दिसलं की मगच तो बस स्टार्ट करतो.

बोट लागली तिथून पॅगोडा पन्नास पावलांवर होता. आत राखाडी झग्यांतल्या पंधरा-वीस बाया बसल्या होत्या. आम्हाला बघून त्या कुजबुजल्या, सरकल्या आणि त्यांनी अगदी पुढची जागा रिकामी केली. थाओ त्यांना समजावायला गेली, तर ह्यांनी तिला खुणेनंच थांबवलं.

मी हात जोडले आणि सुरुवात केली. तिसऱ्या शीलाला अडखळले. ह्यांनी हळूच शब्द पुरवला. पाचव्याला पुन्हा अडखळले आणि वाट बघितली. या वेळी ह्यांनी काहीच पुरवलं नाही. डोळे मिटून उभे होते. मग माझा मलाच शब्द सापडला आणि मी शेवटपर्यंत गेले, मोठ्यानं, डोळ्यांतून पाणी गळत असताना. मागच्या बायांनी माझ्यासाठी माना झुकवल्या. एकीनं पाठीवरून हात फिरवला. त्यांना वाटत होतं आमचं कोणीतरी गेलंय, आणि ज्याच्यासाठी मी रडत होते तो शेजारी उभा राहून माझे उच्चार तपासत होता.

"बरं जमलं," हे म्हणाले. "जरा घाई करतेस."

बाहेर आलो तेव्हा तीन वाजले होते, म्हणजे कार्डिफला सकाळचे नऊ. थाओनं गाडी दारापर्यंत आणायला सांगितली. मी तिला म्हटलं, हॉटेल नको, थेट हनोई, थेट हॉस्पिटल. ह्यांनी वाद घातला नाही, आणि त्यानंच मी जास्त घाबरले. गाडी येईपर्यंत हे पायरीवर उभे राहिले आणि कार्डिफच्या हॉस्पिटलचा नंबर लावला.

"बसा तरी," मी म्हणाले.

"नको. बसलं की आवाज दबतो."

फोन उचलला गेला. ह्यांनी शर्ट खाली ओढून नीट केला, ताठ झाले आणि क्रिमेटोरियममध्ये बोलतात तसं, सावकाश आणि स्पष्ट, आपलं आडनाव एकेक अक्षर सुटं करून सांगितलं. मग जन्मतारीख. मग पोस्टकोड. पलीकडून काहीतरी सांगण्यात आलं.

"होल्डवर ठेवलंय," ते मला म्हणाले, आणि एक हात कमरेवर ठेवून तसेच उभे राहिले.