दोन्हीकडची सुईण

ऊर्टेने नाळ कापली आणि बाळाला पालथं धरून पाठीवर चापट मारली. पोर रडलं. तो आवाज ऐकून रशियन चौकीवरचा शिपाई स्तेपान दारातून डोकावला.

"मुलगी आहे," ऊर्टे म्हणाली. "तुझ्या ग्लाफिराचं रक्त फार गेलंय. उद्या पुन्हा बघून जाईन."

ओढ्याच्या या काठाला रशिया, त्या काठाला जर्मनी. सुईण मात्र दोन्हीकडची एकच, आणि ती राहायची जर्मनीत. १९१४ च्या जुलैचा तो शेवटचा दिवस होता.

स्तेपानने लेकीकडे पाहिलं, पण त्याचं चित्त थाऱ्यावर नव्हतं.

"मावशी, तुमच्याकडे काय चाललंय?"

"घोडे गोळा करतायत. गावात एक शिल्लक नाही ठेवला. तुम्ही सैन्य बोलावलंत, म्हणून घाबरून..."

पुढचं ऐकायला तो थांबलाच नाही. अंगणात साहेबाला सांगतानाचा त्याचा आवाज तिच्या कानावर आला.

ती निघाली तेव्हा रशियन शिपाई घाईघाईने पुलाच्या तोंडाशी वाळूची पोती रचत होते. एरवी तिची थट्टा करणारे आज मान वर करेनात.

पलीकडे लेफ्टनंट हार्डेकने तिला थांबवलं.

"काय पाहिलंत, बाई?"

"पोती रचतायत. आपण घोडे जमवले ना, धास्तावलेत बिचारे."

हार्डेक टेलिफोनवरच्या माणसाकडे वळला. "कळव. शत्रू पुलापाशी मोर्चे बांधतोय."

"साहेब, मी म्हटलं, ते घाबरलेत."

"घाबरलोय तर आम्हीही," तो हळूच म्हणाला. "ते कुणी विचारत नाही."

ऊर्टेचं अर्धंच बोलणं दोन्हीकडे पोचलं होतं. ती तशीच मागे वळली, पण पुलावर अडसर पडला होता. तिच्याच हातून जन्मलेला, गावातला आन्सास बंदूक घेऊन तिथे उभा होता.

"सोड रे. स्तेपानला नीट सांगायचं राहिलंय."

"आता कुणालाच सोडायचं नाही, मावशी."

"मग उद्या तरी? स्तेपानची बायको फार अशक्त आहे."

आन्सासने लेफ्टनंटकडे चोरून पाहिलं आणि आवाज खाली आणला.

"उद्या आम्ही सगळेच तिकडे असू."

ऊर्टे त्याच्या कोटाचं सुटलेलं बटण लावता लावता म्हणाली, "पुलापासून तिसरं घर. निळ्या खिडक्यांचं. आत ओली बाळंतीण आहे."

आन्सास आपल्या बुटांकडे बघत राहिला.