धोंड्याचं आवतण

अधिक महिन्यात लेकजावयाला जेवायला बोलवायचं, जावयाला नवे कपडे करायचे आणि ताटात तेहतीस अनारसे द्यायचे, हा आमच्याकडचा धोंडा. आमच्या मैथिलीनं नवीद शेखशी लग्न केलं तेव्हा धोंडा काही आपल्या नशिबात नाही, असं मी धरूनच चालले होते.

तिच्या वडिलांनी, म्हणजे आमच्या ह्यांनी, 'पोरीला डांबून ठेवलंय' म्हणून हायकोर्टात हेबियस कॉर्पसचा अर्ज केला होता. पोलिसांनी तिला औरंगाबादला खंडपीठासमोर हजर केलं. मी राजीखुशीनं नवीदकडं राहते, असं तिनं सांगितलं. न्यायाधीशांनी विचारलं, "हे स्वतःच्या मनानं बोलतेस की कुणाच्या दबावाखाली?"

"माझ्या मनानं," पोरगी म्हणाली. अर्ज निकालात निघाला. बाहेर येऊन ती मला बिलगली. "आई, तू बोलावलंस तरच मी सेलूला येईन." मागं उभ्या असलेल्या ह्यांनी ते ऐकलं.

सहा महिने घरात तिचं नाव निघालं नाही. मग गेल्या आठवड्यात हे एकदम गोड झाले. "प्रमोदिनी, धोंडा आलाय. तुझ्या तोंडानं आवतण दे." मी येडी आनंदानं रडले. लगेच फोन केला आणि अनारशाचे तांदूळ भिजवले.

आज सकाळी कपाट उघडलं. मैथिलीची साडी होती, ओटीचा खण होता. जावयाचे कपडे कुठंच नव्हते.

विचारलं तर धाकटे दीर योगीराज हसले. "त्याला कपडे कशाला लागायलेत, वहिनी?"

हे त्यांच्यावर डाफरले, पण माझ्याकडं बघेनात. माझा फोन उचलून त्यांनी खिशात घातला. "आमी स्टेशनवर जायलोत. तू तळणाचं बघ." बाहेर जीपमध्ये आणखी दोघं बसलेले होते. त्यांना मी कधी पाहिलं नव्हतं.

जीप वळली तशी पिठाच्या हातानंच मी शेजारच्या राजेश्रीकडं पळाले. पोरीचा नंबर पाठ होता म्हणून बरं. राजेश्रीच्या फोनवरून लावला आणि तिला हाक मारली.

"आई? परतूर सुटलं बघ. आलोच आमी."

"सेलूत उतरू नका. दोघंही. पुढं परभणीला उतरा आणि सरळ पोलिसांकडं जा."

मग ती म्हणाली, "आई, हे तू तुझ्या मनानं बोलायलीस की कुणी बोलायला लावलंय?"

"माझ्या मनानं. तुझ्या बाबांना ठाऊक न्हाई."

"आणि मग तुझं काय?"

"मी अनारसे तळायलेय," म्हणाले आणि फोन ठेवला.

तासाभरानं जीप परत आली. ह्यांनी माझा फोन अनारशांच्या ताटाशेजारी ठेवला, खिडकीतून राजेश्रीच्या घराकडं एकदा पाहिलं आणि दाराला आतून कडी लावली.

पोरगी सुटली, याचा मला आनंदच आहे. पण आता मला कुणी डांबलं तर कोर्टात अर्ज करणार कोण? आमच्या घरात अर्ज करणारे एकटे हेच.