लाटसाहेबाच्या टाकीतलं तांबं

बंगालातल्या चंदननगरच्या त्या घरात माणसांचं जेवण एकवेळ चुकेल, पण लाटसाहेबाची दोडक्याची फोड चुकायची नाही. लाटसाहेब म्हणजे बिभासबाबूंचा लाडका प्लेको, काचेला तोंड चिकटवून पडून राहणारा काळा, खडबडीत मासा. "हे मासे टाकीतल्या घाणीवरच जगतात ना?" असं कुणी विचारलं की बिभासबाबू भडकायचे. "तुम्ही जगून दाखवा घाणीवर!"

आता ते न्यूमोनियाने इस्पितळात होते. जाताना त्यांनी सुनेचा, केतकीचा, हात धरला होता. "बौमा, याला जप. मी येईन तेव्हा हा दिसला पाहिजे मला."

केतकीने शब्द पाळला. ती थोडं थोडं पाणी बदलत होती, दोडका तळाशी राहावा म्हणून चमच्याला बांधून सोडत होती. तरी मासा दिवसेंदिवस फिका पडत चालला. दोडक्याला तोंड लावेना. भर दिवसा लाकडाच्या आडोशातून बाहेर यायचा, धडपडत वर जाऊन हवा गिळायचा आणि दगडासारखा खाली पडायचा. टाकीतले बाकीचे मासे मात्र मजेत फिरत होते.

सासूबाई, हेमनलिनी, टाकीसमोरच जपमाळ घेऊन बसायच्या. नजर देवाकडे नाही, माशाकडे.

"मा, हा काही खात नाहीये."

"नाहीच खाणार. घरावरचं संकट अंगावर घेतलंय त्याने. मासा गेला की संकटही जातं."

"काहीतरीच काय, मा! मरेल तो."

"मग मरू दे की! मासा मोठा की माणूस?"

असल्या बोलण्यापुढे डोकं फोडून उपयोग नव्हता. केतकीने बाह्या सारल्या आणि टाकीत हात घालून लाकूड बाजूला केलं. मागे बोटांना काहीतरी गार, गुळगुळीत लागलं. देवघरातला तांब्याचा गडू! आतून हिरवा पडलेला. अशा माशांना तांबं म्हणजे विष, म्हणून बिभासबाबू टाकीजवळ तांब्याचा पैसासुद्धा येऊ देत नसत.

"मा, हा कुणी ठेवला इथे? विष आहे हे याला!"

"ठाऊक आहे. लग्न झाल्यापासून ह्यांच्या तोंडून तेच ऐकतेय," सासूबाई शांतपणे म्हणाल्या. "म्हणून तर ठेवला."

केतकीला संताप आला. गडू काढून अंगणात भिरकावून द्यायचा, असं ठरवून तिने तो काठाला घट्ट धरला. तेवढ्यात फोन वाजला. तिने डाव्या हाताने उचलला. नवऱ्याचा, सुशोभनचा, होता.

"अगं, ताप उतरला! डॉक्टर म्हणतात, धोका टळतोय बहुतेक. थांब, बाबांना बोलायचंय."

पलीकडून खोल गेलेला आवाज आला. "बौमा... माझा लाटसाहेब खातोय ना गं?"

ताप इंजेक्शनांनी उतरला, हे केतकीला कळत होतं. गडवाचा त्याच्याशी काडीचा संबंध नाही, हेही कळत होतं. समोर मासा पुन्हा वर आला, हवेचा घोट घेऊन खाली कोसळला. सासूबाईंची जपमाळ थांबली होती. त्या दोन्ही हात जोडून सुनेकडे पाहत राहिल्या.

"खातोय, बाबा," केतकी म्हणाली. "पोटभर खातोय."

आणि तिने गडू पुन्हा लाकडाच्या मागे, होता तिथेच ठेवला.