इनेसची पहिली नऊ मिनिटे

मित्रांनो, मी सिनेमाचे एक जुने रीळ आहे. ॲन आर्बरच्या विद्यापीठातल्या तळघरात, पाण्याने भरलेल्या बादलीत मला बुडवून ठेवले आहे. उद्या मला नष्ट करणार आहेत. मला माणसांची भीती वाटते आणि माणसांना माझी.

माझा जन्म १९३५ साली माद्रिदमध्ये झाला. कापसावर नायट्रिक आम्लाची प्रक्रिया करून माझी पट्टी बनवली. अशी पट्टी पेटली की जळायला लागणारा ऑक्सिजन ती स्वतःच पुरवते, म्हणून पाण्याखालीही विझत नाही. या बादलीत मी गार आहे, सुरक्षित नाही.

माझ्यावर इनेस आल्कारास नावाच्या सतरा वर्षांच्या मुलीचे पहिले काम टिपले आहे. ती विहिरीपाशी एका पत्राची वाट पाहते. नऊ मिनिटे, बस्स. चित्रपटगृहांत तिच्यासाठी टाळ्या वाजत, तेव्हा तापलेल्या दिव्यासमोरून मी जीव मुठीत धरून सरकत असे. पुढे युद्ध झाले आणि या सिनेमाच्या बाकी सगळ्या प्रती जळाल्या. मी मात्र मेक्सिकोमार्गे इथल्या एका प्राध्यापकांच्या संग्रहात आले.

इनेस काम करत राहिली. प्राध्यापक तिचे सिनेमे जमवत, त्यामुळे माझ्या शेजारी एकेक डबा वाढत गेला. आधी नायिका, मग मोठी बहीण, मग आई. आता, १९८४ साली, ती स्पेनच्या टेलिव्हिजनवर कजाग आजी होते.

प्राध्यापक वारले आणि मला कोणी उघडेनासे झाले. दोन वर्षांपूर्वी रसायनांच्या सुरक्षेचे काम पाहणारे श्रीरामकाका आले. घातक रसायन हवाबंद ठेवायचे, हे ते नागपूरला शिकले होते. त्यांनी माझ्या डब्याच्या कडेने चिकटपट्टीचे तीन वेढे दिले, वरून हात फिरवला आणि समाधानाने गेले. माझ्यातून निघणारा आम्लाचा वायू आतच कोंडला आणि मलाच खाऊ लागला. अंधारात मी चिकट होत गेले. ओरडायला मला तोंड नव्हते.

या जुलैत इनेसचे पत्र आले; तिला मला पाहायचे होते. १९३५ साली माझे चित्रीकरण संपताच ती नाटकाच्या दौऱ्यावर गेली होती, आणि मग युद्ध आले. आपले पहिले काम तिने कधी पाहिलेच नव्हते. रसायनशास्त्र शिकणाऱ्या सुमेधाने माझी चिकटपट्टी सोलली आणि नाक धरून मागे सरकली.

"काका, हे सील कोणी केलं?"

"मी. का गं? एअरटाइट नको?"

"नायट्रेट आहे हो हे! गॅस बाहेर जायला हवा ना!"

काका स्टुलावर बसले. "मग आजच डिस्ट्रॉय करायला हवं. या अवस्थेत एकशे सहा फॅरनहाइटला आपोआप पेटेल."

"आधी कॉपी करू दे. दुसरी प्रत नाहीये, काका. त्या बाई सहासष्ट वर्षांच्या आहेत."

"आणि तू तेवीस. तुझ्या आईला काय सांगू?"

"सांगा, चिकटपट्टी तुम्ही लावली होती."

काका सोललेली चिकटपट्टी गुंडाळू लागले. मग म्हणाले, "दोन दिवस. आणि मशीनपाशी मी बसणार. तू दाराबाहेर."

मंद दिव्याच्या यंत्रावर ते एकेक चित्र पुढे सरकवत होते. शेजारी थर्मामीटर. पारा जरा चढला की ते थांबत, आणि मीही गोठून जाई. सहा मिनिटे नव्या पट्टीवर उतरली. उरलेल्या तीन मिनिटांचा गोळा झाला होता. काकांनी हलकेच पाते लावले, तर तपकिरी भुकटी पडली. पत्र येते ते त्याच तीन मिनिटांत.

आज सुमेधाने माद्रिदला फोन लावला. इनेसला मोडके इंग्रजी येते.

"काका, त्या विचारतायत, मी घाबरलेली दिसते का?"

"सांग, खूप."

सुमेधाने सांगितले आणि ऐकत राहिली. "हसतायत. म्हणाल्या, मग ती मीच. शेवट कसा दिसतो विचारतायत."

तिने रिसीव्हर पुढे केला. काकांनी कपाळ पुसले आणि तो घेतला. "मॅडम," ते म्हणाले, "शेवट माझ्या हातून गेला."

मित्रांनो, जपायचे म्हणून तुम्ही काही घट्ट बंद करून ठेवले असेल, तर आजच उघडून बघा. वर्षातून एकदा तरी बघत जा. उद्या आठ वाजता मला न्यायला गाडी येईल. भीती काही गेलेली नाही. पण ती सहा मिनिटे आता माझ्याशिवाय राहू शकतात.